खिडकीकडचा ढीग

बाबांचा उजवा हात गेला तेव्हा आई म्हणाली, "चला, दगडफोड थांबली एकदाची." म्हणाली आणि स्वयंपाकघरात जाऊन नळ सोडून नुसती उभी राहिली. शेवटी मीच जाऊन नळ बंद केला. आमच्या घरातले विनोद हे असे. हसायचं की नाही ते ज्याचं त्याने ठरवायचं.

बाबा अश्मयुगाचे प्राध्यापक. हे सांगितलं की लोक "अरे वा" म्हणतात आणि विषय बदलतात. त्यांचा तरी काय दोष? लिपी नाही, मडकं नाही, शेत नाही, माणूससुद्धा आजच्याइतका पुरता घडलेला नाही, अशा काळात कुणीतरी नदीकाठी बसून एका दगडाने दुसरा दगड फोडला आणि त्याला धार काढली. ते फोडणं समजून घेण्यात एका धडधाकट माणसाने जन्म घालवावा, हे शाळेत असताना मलाही कुणाला नीट सांगता यायचं नाही. "वडील शिक्षक आहेत," एवढंच सांगून मी मोकळी व्हायची.

मी स्वतः दातांच्या कवळ्या बनवते. दवाखान्यातून तोंडाचे साचे येतात, त्यांवर मी दात बसवून देते. "मी खोटे दगड करतो, ही खोटे दात करते," बाबा आल्यागेल्याला सांगायचे, "पुढच्या युगातल्या संशोधकांची आम्ही बापलेक मिळून वाट लावणार." यावर ते स्वतःच पोट धरून हसायचे.

खोटे दगड म्हणजे काय ते सांगायला हवं, कारण सगळी माती तिथेच झाली.

बाबांचं नाव एका नदीवर उभं होतं. त्या नदीच्या काठच्या उंच दरडीत, गाळाच्या बऱ्याच खालच्या थरात, त्यांना हातकुऱ्हाडी सापडल्या होत्या. हातकुऱ्हाड म्हणजे दांडा नसलेली, बदामाच्या आकाराची, मुठीत धरून वापरायची कुऱ्हाड. त्या थराच्या वयावरून बाबांचं म्हणणं असं होतं, की माणसाचे ते जुने पूर्वज पुस्तकात लिहिलंय त्याच्या कितीतरी आधी या नदीवर पोचले होते. यावर वर्षानुवर्षं वाद झाले. मग त्या दरडीवर पुलाचा खांब आला, आणि राहिलेली दरड वाळूवाल्यांनी नेली. आता तिथे परत खणायचं तर पाण्यात खणावं लागेल. म्हणजे पुरावा म्हणून उरल्या फक्त विभागातल्या पेट्या.

आता बाबांची घोडचूक. ते हातकुऱ्हाडी स्वतःही घडवायचे, त्याच नदीच्या त्याच करड्या, कडक दगडातून. विद्यार्थ्याने जुना दगड हातात घेण्याआधी दगड कसा फुटतो ते हाताला कळलं पाहिजे, हा त्यांचा हट्ट. घडवलेल्या प्रत्येक दगडाच्या बुडाशी तांबड्या तैलरंगाचा ठिपका लावायचा, म्हणजे खऱ्यात खोटा मिसळणार नाही, हा नियम त्यांचाच. एकदा ठिपका लावायला विसरलेल्या पोराला त्यांनी वर्गाबाहेर काढलं होतं. पुढे त्यांच्या डोक्यात आलं, की पुराच्या पाण्यात हत्यारं कशी वाहतात, कशी झिजतात ते बघावं. म्हणून त्यांनी स्वतः केलेल्या हातकुऱ्हाडी नदीच्या पात्रात पुरल्या आणि काही वर्षांनी सापडतील तेवढ्या परत वेचून आणल्या. वाळूने ठिपके पार घासून नेले होते. दुसऱ्या कुणीही त्याच दिवशी नवे ठिपके लावले असते. बाबांनी लावले नाहीत. रंग लावला तर झीज नीट तपासता येणार नाही, हे एक कारण. दुसरं खरं कारण त्यांनी आईला सांगितलं, "अगं, माझा हात मला ओळखू येणार नाही होय?"

ते दगड वेगळ्या फळीवर ठेवले गेले. पुढे विभागाचं छत गळायला लागलं, सगळं सामान घाईघाईने दुसऱ्या इमारतीत हलवलं, आणि एका पेटीत जागा उरली म्हणून कुणीतरी शेजारच्या फळीवरचे दगड तीत घातले. मग दुसऱ्या पेटीत, मग तिसऱ्या. बाबा हसले. म्हणाले, सुट्टीत बसून वेगळे करतो, जुन्यांवर संग्रहाचे नंबरही तेव्हाच घालतो. ती सुट्टी कधी आलीच नाही.

मग लांबच्या एका प्रयोगशाळेने तपासायला एक हातकुऱ्हाड मागवली. त्यांनी तिच्या पातळ चकत्या कापल्या, आणि एका खाचेत त्यांना तांबड्या तैलरंगाचा कण दिसला.

बस, तेवढं पुरे झालं. एक दगड खोटा निघाला म्हणजे पेटीतल्या सगळ्यांवर संशय. भिंगाखाली धरूनही कोणता जुना आणि कोणता बाबांचा हे छातीठोकपणे सांगता येईना, कारण गाळात दबलेले जुने दगड कोरे करकरीत राहिले होते आणि बाबांचे नदीने झिजवून म्हातारे केले होते. एकजण म्हणाला, चुकून झालं असेल. दुसरा म्हणाला, चुकून कसं, मुद्दामच. लोकांना दुसऱ्याचं बोलणं जास्त आवडलं. बाबांसारख्या माणसाला लबाड म्हणायला लोकांची जीभ कशी धजली हे मला आजही कळत नाही. एका कंत्राटदाराने त्यांना एक देखणी हातकुऱ्हाड भेट दिली होती. ती कुठे सापडली हे त्याला सांगता आलं नाही, तर बाबांनी ती मोजलीसुद्धा नाही. इतका हा माणूस सोवळा.

"मी जातो आणि एका दुपारात वेगळे करून टाकतो," बाबा म्हणाले. ज्या सकाळी जायचं होतं त्याच सकाळी शर्टाची बटणं लावता लावता ते खाली बसले. उजवा हात आणि उजवा पाय गेला, आणि त्यांबरोबर सगळे शब्द गेले.

चिमटा आमच्याकडे आली ती यानंतर. चिमटा ही बाबांची लाडकी विद्यार्थिनी, आता विभागाची प्रमुख. दगडाचा कपचासुद्धा ती चिमट्याने उचलायची, म्हणून बाबांनी ठेवलेलं हे नाव. आम्ही तिला दुसऱ्या नावाने कधी हाक मारलीच नाही.

"काकू, समिती बसायची आहे," ती आईला म्हणाली. "दगड वेगळे झाले नाहीत तर सगळा संग्रह संशयित म्हणून तळघरात जाणार. आणि सरांनी मुद्दाम केलं असं ते लिहूनच टाकणार. मला फार भीती वाटते."

"मग विचार ना त्यांना. हे काय इथेच बसलेत."

"तेच तर. त्यांना सांगता कसं येईल?"

आईने बाबांकडे पाहून विचारलं, "अहो, चहा हवा?" बाबांनी मान डोलावली. "चहा नको?" बाबांनी तशीच मान डोलावली. डॉक्टरांनी आम्हाला बजावलं होतं की बोललेलं त्यांना बहुतेक सगळं समजतं, पण मानेवर विश्वास ठेवू नका. ती सगळ्यालाच डोलते.

"पण हात?" मी म्हटलं. "डावा हात चांगला आहे त्यांचा."

चिमटाने लगेच बाबांच्या डाव्या हाताकडे पाहिलं. दगड घडवताना बाबांचा उजवा हात मारायचा आणि डावा हात दगड धरायचा. घाव पडल्यावर दगड आतून कसा थरथरतो ते धरणाऱ्या हातालाच कळतं, असं ते शिकवायचे. मारणारा गेला होता, पण धरणारा शाबूत होता.

समितीने एकट्या चिमटाचा शब्द मानला नसता, म्हणून तिच्याबरोबर एक परीक्षक आले. हे गृहस्थ बाबांच्याच वयाचे, आणि नदीच्या त्या थराच्या वयावरून बाबांशी जन्मभर भांडलेले. बाबा त्यांना तोंडावर शंकासूर म्हणायचे. ते दारातून आत आले, खुर्चीतल्या बाबांना पाहिलं, आणि बराच वेळ बूट काढत राहिले.

"वहिनी," शेवटी ते म्हणाले, "मला वाटलं होतं, पुढच्या भेटीत हा माझा गळाच धरेल."

"आता एकाच हाताने धरतील," आई म्हणाली. "बसा."

जेवणाच्या टेबलावर चिमटाने फोमचे तुकडे पसरले आणि पेट्यांतल्या हातकुऱ्हाडी मांडल्या. माझ्या लहानपणापासून घरात दगड होते, पण एवढे एकदम टेबलावर कधी पाहिले नव्हते. बाबांची खुर्ची टेबलापाशी सरकवली. दगड बघताच त्यांचा चेहरा उजळला. अर्धाच उजळला, पण आजारपणात मी तो असा पाहिलाच नव्हता.

"सर," चिमटा त्यांच्यासमोर वाकून म्हणाली, "यांतले काही नदीतले आहेत आणि काही तुम्ही केलेले. तुम्ही वेगळे करून द्या. एका बाजूला एक, दुसऱ्या बाजूला दुसरे. घाई नाही."

बाबांनी पहिला दगड उचलला. नुसता तळव्यात ठेवला, बोटं मिटली, उघडली, अंगठा कडेवरून फिरवला. मग तो खिडकीच्या बाजूला ठेवला. दुसरा उचलला आणि दाराच्या बाजूला ठेवला. आईने चहासुद्धा विचारला नाही. दुपार उलटून गेली तरी बाबा थांबले नाहीत. मध्येच एखादा दगड ते पुन्हा पुन्हा तोलत, डोळे मिटत, आणि मग दाराकडे ठेवताना त्यांच्या तोंडून बारीकसा आवाज निघे. शेवटी टेबलावर दोन ढीग झाले, एक खिडकीकडचा आणि एक दाराकडचा.

शंकासुरांनी फोटो काढले. "छान," ते कोरडेपणाने म्हणाले. "पण एकदा कुणीही करेल. परत करायला लावायचं."

काही दिवस मध्ये जाऊ दिले. मग चिमटाने दगड पुन्हा कालवले, पुन्हा मांडले, आणि बाबांनी पुन्हा वेगळे केले. शंकासूर फोटो समोर ठेवून एकेक दगड ताडून बघत होते. शेवटचा दगड ताडून झाल्यावर त्यांनी चष्मा काढला.

"एकही इकडचा तिकडे नाही," ते म्हणाले.

चिमटाने मला अशी घट्ट मिठी मारली की माझ्या बरगड्या दुखल्या. आई म्हणाली, "मी म्हणतच होते, डोकं ठिकाणावर आहे त्यांचं." असं ती कधीच म्हणत नव्हती. पण त्या दिवशी तिचं सगळं खरं मानायचं आम्ही ठरवलं.

"थांबा," शंकासूर म्हणाले. उगीच नाव पडलं नव्हतं. "दोन ढीग झाले, पण कोणता ढीग कशाचा? काही दगडांना चुना चिकटलेला आहे. तो त्या थरातलाच, हाताने करता येत नाही. ते सगळे खिडकीकडे गेलेत. म्हणजे खिडकीकडचे जुने, असं दिसतं. नुसतं दिसतं. आता याने स्वतः केलेला, अगदी नक्की त्याचाच, असा एखादा दगड द्या. तो दाराकडे गेला की माझं काम झालं."

तसा दगड मिळेना. कापून चकत्या झालेला तर संपलाच होता. तांबड्या ठिपक्यांचे सगळे बाबांनी शाळाशाळांना वाटले होते, ते कुठल्या कुठे गेले होते.

"घरात?" त्यांनी आईला विचारलं. "वहिनी, घरात एखादा असेलच की. तुम्हाला ज्याची जन्मकथा माहीत आहे असा कुठलाही, जुना किंवा याने केलेला. पण कोणता ते आत्ता सांगू नका, मला नको आणि या चिमटालाही नको. आमच्या तोंडावरून याला कळेल. तुम्ही दोघी मागे जाऊन बसा. दगड नुसता आणून ठेवा. याने तो कुठे ठेवलाय ते पाहिल्यावर मग सांगा."

हीच त्यांच्या धंद्याची रीत. आधी उत्तर, मग खरं काय ते. ही रीत बाबांनाही फार प्रिय होती.

आई उठली आणि मागच्या दाराला लावलेला दगड घेऊन आली. वाऱ्याने दार आपटू नये म्हणून तो तिथे असायचा. तिने तो ओल्या फडक्याने पुसला आणि टेबलावर ठेवून माझ्या शेजारी येऊन बसली. मला हायसं वाटलं, कारण हा दगड कुणाचा हे मला माझ्या नावाइतकं नक्की ठाऊक होतं. शाळेतून येऊन मी मागच्या पायरीवर बसले होते आणि बाबा समोर तो घडवत होते. एक कपचा उडून माझ्या भुवईवर लागला, रक्ताची धार लागली, आणि आईने बाबांचा असा काही उद्धार केला की शेजारी बाहेर येऊन उभे राहिले. बाबांनी दगड तिथेच टाकला, ठिपकासुद्धा लावला नाही. त्याची एक कड अर्धवट राहिली ती कायमचीच. आईने तो उचलून दाराला लावला. म्हणाली, आता या मेल्याने माझं काहीतरी काम करावं.

बाबांनी तो उचलला. बाकीच्या दगडांना लागला होता तेवढा वेळ त्याला लागलाच नाही. तळव्यात घेतल्या घेतल्या त्यांचा चेहरा निवळला. अर्धवट कडेवरून त्यांनी अंगठा फिरवला, मान वळवून मागे माझ्याकडे पाहिलं, आणि दगड खिडकीकडे ठेवला.



आईचा हात माझ्या हातावर होता, तो तिने काढून घेतला. आम्ही एकमेकींकडे पाहिलं नाही. खिडकीकडे तर जुने होते ना? चुना चिकटलेले सगळे तिथेच होते. मग हा तिथे का? म्हणजे बाबांनी जुने आणि नवे असे केलेच नव्हते. त्यांनी वेगळंच काहीतरी केलं होतं, दोन्ही वेळा अगदी बिनचूक केलं होतं, आणि ते काय हे त्यांना आता कधीच सांगता येणार नव्हतं.

मला तेव्हाच एक शंका आली. खरं काय ते बाबांनाच ठाऊक. पण खिडकीकडे त्यांनी ठेवले ते त्यांना ओळखू आलेले दगड असावेत. स्वतः थरातून उपसलेले किंवा स्वतः घडवलेले, ज्यांच्या जन्माची जागा त्यांना अजून आठवत होती असे. आणि दाराकडचे ते, जे हातात घेऊनही त्यांना आठवेनात. ते ठेवताना तो बारीक आवाज निघत होता. ते प्रामाणिकपणे सांगत होते की हे मला आता कळत नाहीत. आपला हात आपल्याला ओळखू येईल म्हणाले होते ना? तर येत नव्हता, आणि ते तसं टेबलभर मांडून दाखवत होते.

"बोला, वहिनी," शंकासूर म्हणाले. त्यांचा आवाज बदलला होता. आता तेसुद्धा घाबरलेले वाटले. "कुठला हा दगड?"

आईने पदर सारखा केला. माझी आई, जिने जन्मभर या दगडांना धोंडे म्हटलं, पाहुण्यांसमोर म्हटलं, प्रत्यक्ष कुलगुरूंसमोर म्हटलं.

"नदीतला," ती म्हणाली.

"नक्की?"

"म्हणजे काय? पहिल्या वर्षी आणला होता त्यांनी खड्ड्यातून. विभागात जमा करायचा राहून गेला. मला दाराला लावायला काहीतरी हवं होतं, मीच ठेवून घेतला. मला काय कळतंय त्यातलं? चुकलंच माझं."

इतकं सराईतपणे बोलली की क्षणभर मलाही नदी दिसली.

शंकासूर माझ्याकडे वळले. "तुलाही आठवतंय?"

भुवईवरची खूण केसांखाली झाकलेली होती. मी म्हटलं, "मी लहान होते तेव्हा."

हे खोटं नव्हतं. अशी सोयीची खरी वाक्यं वेळेवर कशी सुचतात कोण जाणे.

चिमटा रडायला लागली. शंकासूर उठले, बाबांच्या खुर्चीपाशी गेले आणि त्यांच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "हरलो मी, मित्रा. अरे, घरात दाराला लावलेला दगडसुद्धा तू ओळखलास! कोण तुला लबाड म्हणतो ते मी बघतो आता. मी स्वतः सांगेन समितीला." त्यांचे डोळे भरून आले होते. जन्मभर ज्याच्याशी भांडले तो जिंकला याचा एवढा आनंद झालेला माणूस मी पाहिला नव्हता. मला त्यांची फार लाज वाटली. म्हणजे त्यांच्यासमोर माझी.

बाबांनी सगळं ऐकलं होतं. बोललेलं त्यांना समजतं असं डॉक्टर म्हणाले होतेच. ते आईकडे बघत होते. मग त्यांनी डावा हात पुढे केला आणि खिडकीकडचा ढीग दाराकडच्या ढिगात ढकलला. दगडावर दगड आपटले. चिमटा "सर, सर" करत धावली. त्यांनी पुन्हा ढकललं, सगळं कालवून टाकायचा प्रयत्न करू लागले, आणि त्यांच्या तोंडातून तो शब्द नसलेला आवाज येत राहिला, मोठा, मग आणखी मोठा.

"फोटो काढलेत मी, काळजी नको," शंकासूर तिला म्हणाले. "एकेक दगड त्यांत ओळखू येतो. फार ताण पडला याच्यावर. भावना अनावर होतात अशा वेळी."

"दमलेत ते," आई म्हणाली. ती उठून बाबांच्या मागे जाऊन उभी राहिली आणि त्यांच्या केसांवरून हात फिरवू लागली. बाबांनी डोकं बाजूला घेतलं. तिने हात फिरवणं थांबवलं नाही. "दमलेत फार. झालं ना आता तुमचं? मग आवरा."

तिची बाजू मला कळत होती, तेच तर वाईट होतं. या माणसाला लोकांनी लबाड म्हणू नये म्हणून ती लबाड झाली होती. आणि ज्याच्यासाठी झाली, त्याला तेवढं एक सोडून दुसरं काहीही चाललं असतं. मी खरं सांगितलं असतं तर बाबा या खोट्यातून सुटले असते आणि त्यांचं सगळं काम बुडालं असतं. नाही सांगितलं तर काम तरलं असतं, खोट्याच्या आधारावर. तोंड उघडायला मला कुणी अडवलं नव्हतं. मी बसूनच राहिले.

चिमटाने दगड एकेक करून फोममध्ये गुंडाळले, पेट्या भरल्या. दाराकडच्या ढिगातल्या प्रत्येक दगडाला तिने फोटो बघून तांबडा ठिपका लावला, शिस्तीत, बुडाशी. त्यांतले किती खरोखर बाबांचे आणि किती त्या कुठल्याशा विसरलेल्या पूर्वजाचे, हे आता कुणालाच कळणार नव्हतं.

शेवटी टेबलावर काही उरलं नाही. घरातला तो एक दगड बाबांच्या मुठीत होता. सगळे कालवताना त्यांनी तेवढा उचलून घेतला होता आणि छातीशी धरला होता.

"वहिनी, हाही संग्रहात जायला हवा," शंकासूर म्हणाले. "पहिल्या वर्षीचा म्हणजे फार मोलाचा. तुमच्या दाराला मी दुसरा आणून देतो."

आई रिकामं टेबल फडक्याने पुसायला लागली.

चिमटाने हळूच हात पुढे केला. "सर, देता ना?" बाबांनी मूठ आणखी आवळली. तिने पुन्हा विचारलं. मग ती माझ्याकडे वळली, "तू सांग ना त्यांना. तुझं ऐकतात ते."

मी उठले आणि त्यांच्यासमोर गुडघ्यांवर बसले. इतका वेळ ज्या चेहऱ्याकडे मी बघायचं टाळलं होतं तो अगदी जवळ होता. बाबा दगडाकडे बघत नव्हते. ते माझ्या कपाळाकडे बघत होते. आणि ते वाट बघत होते, हे मला इतकं स्वच्छ कळलं की त्यांना शब्द असते तरी याहून जास्त कळलं नसतं. त्या पायरीवर दोघंच होतो आम्ही. त्यांच्या वतीने बोलू शकेल असं जगात एकच माणूस होतं, आणि ते मी होते.

"द्या, बाबा," मी म्हटलं.

त्यांनी सोडला नाही. डाव्या हातात अजून केवढी ताकद होती! मी त्यांची बोटं एकेक करून उघडली. आधी करंगळी, मग बाकीची, शेवटी अंगठा. मी दगड चिमटाच्या हातात दिला. तिने तो उजेडात धरला, बुडाशी चांगली सपाट जागा शोधली, आणि बारीक काळ्या अक्षरांत त्याच्यावर नंबर घातला.